ऑर्विल टीटरचा दक्षिण समुद्र

आमच्या ब्लूमर गावात समुद्र नाही, मका आहे. आमचा मका संपला की शेजारच्या गावाचा मका लागतो, आणि असं करत करत इलिनॉय राज्य संपतं. अशा गावात दक्षिण समुद्रातल्या मोत्यांवर अधिकारवाणीने बोलणारा एक माणूस असणं ही चैनच म्हणायची. ती आम्ही तेरा वर्षं केली.

त्या माणसाचं नाव ऑर्विल टीटर. धान्याच्या कोठारावर तो वजनकाटा सांभाळायचा. गाडीखाली एखादं कुत्रं सावलीला बसलं असलं, तरी त्याला उठवल्याशिवाय हा वजन घ्यायचा नाही. उंची बेताची, मिशी गरजेपेक्षा मोठी, आणि चालताना दोन्ही पाय फाकवून टाकायची सवय, जणू खालची जमीन हलते आहे. आमच्याकडची जमीन हलत नाही. पण १९०० साली, दोन वर्षं गावाबाहेर काढून टीटर परतला तेव्हापासून त्याची चाल अशी झाली होती, आणि कुणी विचारलं की तो म्हणायचा, "जहाजाची सवय हो, दुसरं काय."

ती दोन वर्षं टीटर कुठे होता? गावाला विचाराल तर ताहितीच्या पलीकडे, मोती काढणाऱ्या बोटींवर. मला विचाराल तर आयोवातल्या मस्कटीन गावी, बटणांच्या कारखान्यात. मिसिसिपी नदीतून तिथे गाडाभर शिंपले काढतात आणि त्यांचे गोल तुकडे पाडून सदऱ्यांची बटणं बनवतात. दोन वर्षं हा गृहस्थ एका यंत्रापुढे उभा राहून ते तुकडे पाडत होता. तेव्हा शिंपल्यांशी त्याचा संबंध होता, एवढं आपण मोठ्या मनाने मान्य करू.

मला हे कसं माहीत? मी गावचा न्हावी. तोंडाला साबण, मान मागे आणि गळ्यावर वस्तरा, अशा अवस्थेत आमचा पाद्रीसुद्धा खरं बोलतो. टीटर परत आल्यावर महिन्याभरातच माझ्या खुर्चीत सगळं बोलून गेला, आणि काय बोललो हे ध्यानात येताच ताडकन उठून बसला. त्याचा कान थोडक्यात वाचला.

"हॉब, कुणाला बोलू नकोस हं."

"नाही बोलत. पण मग तो समुद्र कुठून आणलास?"

"वाचला." तो साबणाआडून म्हणाला. "माझ्या खोलीतल्या दुसऱ्या माणसाच्या पलंगाखाली मासिकांचा गठ्ठा होता. ज्यूल्स केरिगनच्या कादंबऱ्या. एकेक चार-चार वेळा वाचली. संध्याकाळी दुसरं करणार काय? अंगाला शिंपल्यांचा वास यायचा, पोरी शेजारी बसायला तयार नव्हत्या."

मी तोंड मिटून बसलो. त्यात माझा मोठेपणा काही नव्हता. टीटर बोलायला लागला की माझ्या बाकावर जागा उरत नसे, आणि ताटकळून बसलेला माणूस शेवटी दाढी करून घेतोच.

पुढे 'ब्रास कंपास' मासिक निघालं. महिन्यातून दोनदा यायचं, आणि प्रत्येक अंकात कॅप्टन थॅडियस ब्रॉक यांची एक साहसी कादंबरी. संपूर्ण! शिवाय मागच्या कादंबरीचा उरलेला भाग वेगळा. हे कॅप्टनसाहेब लिहायचे किती आणि झोपायचे कधी, हे देवच जाणे. त्यांचा नायक पान दोनवर बुडायचा, पान पाचवर नरभक्षकांच्या तावडीत सापडायचा आणि पान नऊवर एका राजकन्येशी व्याकरणशुद्ध इंग्रजीत बोलायचा. माझं गाव हे सगळं श्वास रोखून वाचायचं.

फक्त टीटर श्वास रोखायचा नाही. तो पेन्सिल काढायचा. या मासिकात वाचकांच्या पत्रांचं एक सदर होतं. जगभर भटकलेले खलाशी, शिपाई, खाणकामगार त्यात लेखकाच्या चुका दाखवून देत आणि संपादक त्या आनंदाने छापत. तुमची बंदूक त्या साली निघालीच नव्हती, तुमचा उंट चुकीच्या बाजूला बसतो, असल्या तक्रारी. आपल्या देशात माणसाला स्वर्गात जाण्यापेक्षा दुसऱ्याची चूक छापून आणण्यात जास्त गोडी. टीटरचं पहिलं पत्र छापून आलं ते असं: "कॅप्टन ब्रॉक यांचा पाणबुड्या चाळीस पौंडांचा दगड घेऊन उतरतो आणि चार मिनिटं खाली राहतो. दगड चौदा पौंडांचा असतो, आणि दीड मिनिटानंतर खाली राहतं ते प्रेत. ऑर्विल टीटर, ब्लूमर."

गावाला काय आनंद! ब्लूमरचं नाव छापून येण्याची ही दुसरी वेळ. पहिली वेळ वावटळीची होती. टीटरने मग मागे वळून पाहिलं नाही. शार्क, शिडं, वारे, विषारी मासे, कशात म्हणून त्याने कॅप्टनला सोडलं नाही. आणि हा सगळा दारूगोळा कुठला? ज्यूल्स केरिगनचा. केरिगनने लिहिलं ते खरं, ब्रॉकने लिहिलं ते खोटं, असा त्याचा सरळ हिशेब. एका गप्पिष्टाच्या जोरावर दुसऱ्या गप्पिष्टाला खोटं पाडणारा हा माणूस, आणि त्याचं मला मनापासून कौतुक वाटायचं. आता कबूल करतो, कौतुक कमी आणि करमणूक जास्त.

करमणुकीत बिघाड आला तो लव्हिनिया प्राउटीमुळे. माझ्या समोरच तिचं बायकांच्या टोप्यांचं दुकान होतं. वय त्रेचाळीस, विधवा, नाकीडोळी नीटस आणि जिभेला धार. तिचा पहिला नवरा कडब्याचा व्यापारी. तो जन्मात शेजारच्या पिओरिया शहराच्या पुढे गेला नाही आणि पिओरियालाही रडत गेला. लव्हिनियाच्या दुकानात फितींच्या खणाखाली एक भलामोठा नकाशांचा ग्रंथ होता. गिऱ्हाईक नसलं की ती तो उघडून बसायची, आणि पॅसिफिक समुद्राचं पान बोटं फिरवून फिरवून मऊ पडलं होतं.

बँकेतल्या रोखपालाने तिला मागणी घातली, ती तिने नाकारली. त्याच्याकडे विटांचं घर होतं. टीटरकडे भाड्याची खोली. पण टीटर रविवारी तिच्या व्हरांड्यात बसून प्रवाळाच्या बेटांबद्दल बोलायचा, आणि ती हातातलं लिंबाचं सरबत तसंच धरून ऐकत राहायची.

बायका न्हाव्याच्या दुकानात पाऊल टाकत नाहीत. म्हणून एक दिवस तिने मला हात करून रस्त्यापलीकडे बोलावलं.

"मिस्टर हॉब्स, तुम्ही टीटरना जवळून ओळखता. एक विचारते, खरं सांगा."

"विचारा की, बाई."

"हे मोत्यांचं वगैरे... खरं आहे ना सगळं? एक नवरा घरात बसून गेला माझा. दुसरा तसाच करायचा असेल, तर मी एकटीच बरी."

आता काय सांगणार? मी टोपीवरच्या पिसाकडे बघत म्हणालो, "बाई, त्याच्या वजनात आजवर एका पौंडाची चूक निघाली नाही."

याला उत्तर म्हणत नाहीत, हे मला तेव्हाही कळत होतं. तिचा चेहरा मात्र खुलला. लग्न सप्टेंबरात करायचं ठरलं.

आणि जुलैत गावात शटॉक्वाचा तंबू लागला. दर उन्हाळ्यात हे लोक आठवडाभर तंबू ठोकतात. घंटा वाजवणारे स्विस, दारूबंदीवर भाषण, शेक्सपिअरचे तुकडे, असं सगळं ज्ञान एकदम पाजून निघून जातात. त्या वर्षीच्या पत्रकात गुरुवारी दुपारी नाव होतं: कॅप्टन थॅडियस ब्रॉक, 'मी पाहिलेला दक्षिण समुद्र'. खाली बारीक अक्षरात लिहिलं होतं की कॅप्टनसाहेब आपले सर्वांत कठोर टीकाकार मिस्टर टीटर यांना जाहीर प्रश्न विचारणार आहेत.

टीटर दाढीला आला तेव्हा त्याचा रंग साबणाहून पांढरा होता.

"हॉब, मी आजारी पडतो."

"पड. लव्हिनिया सूप घेऊन येईल आणि कॅप्टनला सोबत घेऊन येईल."

"गेलं रे सगळं. ती जाणार. तंबूभर लोकांसमोर जाणार."

"मग त्याआधी एकांतात सांगून टाक."

"आणि म्हणू काय? की मी बटणं पाडत होतो?"

"हो. तेच म्हण."

तो माझ्याकडे असा बघत राहिला, जणू मी त्याला खरोखरच चाळीस पौंडांचा दगड बांधून पाण्यात उतरायला सांगितलं आहे. लव्हिनियाला त्याने सांगितलं काही नाहीच.

गुरुवारी तंबूत मुंगीला शिरायला जागा नव्हती. प्रेतं पुरणाऱ्या दुकानाने जाहिरातीचे पुठ्ठ्याचे पंखे फुकट वाटले होते, ते सगळं गाव हलवत होतं. कॅप्टन ब्रॉक पांढऱ्या सुटात आले. पोट सुटलेलं, बोटांना शाई. पाऊण तास त्यांनी वादळं उठवली. मग थांबून म्हणाले, "आता मिस्टर टीटर उभे राहतील का?"

टीटर उभा राहिला. दुसऱ्या रांगेत लव्हिनियाच्या टोपीवरचं पीस थरथरत होतं.

"सोपा प्रश्न आहे, महाशय," कॅप्टन म्हणाले. "उत्तर पुस्तकात नाही, तिथे गेलेल्यालाच माहीत असतं. मोती काढणारा सकाळी पहिल्यांदा पाण्यात उतरतो, तेव्हा तो कुणापुढे मान लववतो?"

टीटरने डोळे मिटले. लोकांना वाटलं, समुद्र आठवतो आहे. मला ठाऊक होतं, पान आठवतो आहे.

"समुद्रापुढे नाही आणि देवापुढेही नाही," तो सावकाश म्हणाला. "बोटीत दोरी धरून बसलेल्या माणसापुढे. कारण खाली नेणारे पुष्कळ असतात, वर ओढणारा तो एकच."

यावर कॅप्टनसाहेबांचं तोंड उघडं ते उघडंच. त्यांना हवं होतं ते उत्तर हे नव्हतं, हे मला दिसत होतं. पण हे शब्द त्यांनी पूर्वी कुठेतरी ऐकले होते, हेही दिसत होतं. कपाळावर घाम आला. मग एकाएकी ते मंचावरून खाली उतरले, टीटरचे दोन्ही हात धरले आणि ओरडले, "सभ्य स्त्रीपुरुषहो, हा माणूस तिथे जाऊन आलेला आहे!"

लोकांनी बाक बडवले, पंखे उडवले. रोखपाल निघून गेला. लव्हिनिया रडत होती, आणि इतकी सुंदर दिसत होती की माझं मलाच वाईट वाटलं.

दुसऱ्या दिवशी गाडीच्या आधी कॅप्टन माझ्या खुर्चीत बसले. साबण, मान मागे, वस्तरा.

"तो माणूस कोण आहे हो?" त्यांनी विचारलं. "ते वाक्य माझं आहे. चौदा वर्षांपूर्वी लिहिलं. केरिगनच्या नावाने."

माझा वस्तरा हवेत थांबला. "केरिगनसुद्धा तुम्हीच?"

"केरिगन मी, ब्रॉक मी, आणखी तिघं मी. घर चालवायचं तर पाच माणसं लागतात. 'ब्रास कंपास'वाल्यांशी करार आहे, दुसरीकडे लिहायचं नाही, आणि केरिगन अजून दुसरीकडे छापून येतो. काल तंबूत त्याला खोटा म्हटलं असतं, तर त्याने ते कुठे वाचलं हे निघालं असतं. मग मी कुठे गेलो असतो?"

म्हणजे आठ वर्षं टीटर त्याच माणसाला त्याच माणसाच्या चुका दाखवत होता! मी इतका हसलो की कॅप्टनच्या हनुवटीवर एक बारीक चीर पडली. ती त्यांनी निमूट सोसली.

माझं हसू आठवडाभर टिकलं. मग लव्हिनियाने दुकान विकलं.

टीटर धावत आला, एप्रन तसाच, मिशीत गव्हाचा भुसा. "हॉब, तिने तिकिटं काढली. दोन. सॅन फ्रान्सिस्को, आणि तिथून बोटीने ताहितीतलं पपीते. म्हणते, लग्न लागलं की त्याच दिवशी निघायचं. म्हणते, तुमचा समुद्र मला दाखवा."

तंबूत वाचलेला हा माणूस आता खरा बुडत होता. इतकी वर्षं त्याला वाटत होतं की तिला गोष्टी ऐकायला आवडतात. तिला जायचं होतं. ती ऐकत नव्हती, माहिती गोळा करत होती.

"आता तरी सांग, लेका," मी म्हणालो.

"सांगतो."

लग्नाच्या दिवशी सकाळी मी त्याची दाढी केली. "सांगितलंस?" "सांगतो ना." अकराच्या गाडीला गाव लोटलं. बँड होता. लव्हिनियाने स्वतःच्या हाताने केलेली रुंद काठाची गवती टोपी घातली होती, आणि खिडकीतून ती मला म्हणाली, "मिस्टर हॉब्स, तुमचे शब्द मी विसरणार नाही हं." मी रुमाल हलवला. दुसरं काय हलवणार?

मग काही कळेना. नाताळात मला तिचं पत्र आलं, पपीतेहून. तिथे तिने टोप्यांचं दुकान टाकलं होतं, पानांच्या टोप्या विणायला शिकत होती, माशांचे रंग सांगून खरे वाटणार नाहीत म्हणाली. पत्रात टीटरचं नाव नव्हतं. मार्चमध्ये मी दुकानाला कुलूप लावलं आणि मस्कटीनला गेलो. दुसरीकडे तो कुठे असणार?

तो त्याच यंत्रापुढे उभा होता. पायाशी शिंपल्यांचा ढीग, अंगभर पांढरी भुकटी, मिशी पार काढून टाकलेली. दुपारच्या सुट्टीत आम्ही नदीकाठी बसलो. तिथे टोपलीभर शिंपले सडत पडले होते आणि वास असा होता की भाकरीचा घास गिळवेना. त्याने न विचारता सांगायला सुरुवात केली.

लग्नाला चार तास झाले असताना त्याने तिला इथे उतरवलं. हे ढीग दाखवले, कारखाना दाखवला, आणि सगळं सांगितलं. ती ओरडली नाही. हॉटेलात खोलीभर ती इकडून तिकडे चालत राहिली आणि एकदाच बोलली, "खोटं बोललास त्याचं मी बघून घेईन, ऑर्विल. पण मी तुझ्यासाठी थांबले. दोन वर्षं थांबले. तू नसतास तर मी एव्हाना तिथे असते."

"बरोबर आहे तिचं," मी म्हणालो.

"बरोबरच आहे. पण हॉब, तू ऐक तर. सकाळी नाश्त्याला आली. डोळे सुजलेले, टोपी मात्र नीट. म्हणाली, मला राग आला आहे आणि तो दोन-तीन वर्षं राहील. पण तुझ्या नावाचं तिकीट काढलेलं आहे. तूही तिथे गेला नाहीस, मीही गेले नाही. चल, बरोबरीने जाऊ."

मला वाटलं मी चुकीचं ऐकलं. "तिने तुला चल म्हटलं?"

"म्हटलं."

"सगळं कळल्यावर?"

"सगळं कळल्यावर."

"मग तू इथे काय करतो आहेस, गाढवा?"

तो बराच वेळ हातावरची भुकटी झाडत राहिला. ती जात नव्हती.

"तिथे मला काहीच माहीत नसतं, हॉब. ब्लूमरमध्ये मला सगळं माहीत होतं. तिथे ती एकेका गोष्टीकडे बोट दाखवणार, हे काय, ते काय, आणि मी रोज म्हणणार, माहीत नाही. हे मी तिला बोलून दाखवलं. फलाटावर. ती म्हणाली, 'एवढंच ना? मला काही विचारायचं नाही रे. मला नुसतं बघायचं आहे.' मग तिची ट्रंक मी वर चढवली. ती दारात उभी राहिली आणि तिने हात पुढे केला."

"आणि?"

"इंजिनात पाणी भरायला गाडी थांबते इथे. सात मिनिटं थांबते."

त्याला चार शब्द सुनावायचे म्हणून मी आयोवापर्यंत आलो होतो. येताना गाडीत जुळवूनही ठेवले होते. त्याच्या त्या पुस्तकांतले लोक जळत्या जहाजावरून, उधळलेल्या घोड्यावरून, कड्यावरून धडाधड उड्या टाकतात, आणि टीटरने तसल्या शेकडो उड्या पाठ केल्या होत्या. इथे कुणी उडी मागितली नव्हती. दोन लोखंडी पायऱ्या होत्या, वर एका बाईचा हात होता, आणि गाडी उभी होती.

पण हे मी बोललो नाही. कारण तिने मला सरळ विचारलं होतं, तेव्हा मीही टोपीवरचं पीस बघत उभा राहिलो होतो. कारखान्याचा भोंगा झाला. टीटर उठला, कपडे झटकले आणि आत गेला, साध्या माणसासारखा सरळ पाय टाकत.